ज्योत राखताना: वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरे

घट बसायला तीन-चार आठवडे उरले की या सदराकडे दिव्यांची पत्रे येऊ लागतात. यंदा त्यांत दिवटीची, दीपमाळेची आणि एका एकांकिकेचीही भर पडली आहे. सारख्या आशयाची पत्रे एकत्र करून उत्तरे दिली आहेत.

नवरात्रातला अखंड दिवा दर वर्षी चौथ्या-पाचव्या माळेला पहाटे शांत होतो. तेल तर भरपूर असते. घरातली मोठी माणसे अपशकून म्हणतात. नेमके काय चुकते?
(एक गृहिणी, सातारा)

तेल शिल्लक असताना दिवा गेला तर खोट वातीत असते. ती ओळखायची वेळ एकच: दिवा गेल्यावर लगेच, नवी वात लावण्याआधी. घाईघाईने वात बदलली की पुरावाच जातो.

आधी वातीचे टोक बघा. तिथे मिरीएवढी कडक काळी गोळी असेल तर वात काजळीने गुदमरली. तेल वातीच्या तंतूंमधल्या बारीक फटींतून वर चढते. तेलातला गाळ मात्र जळत नाही, तो टोकाशी साचतो आणि फटी बुजवतो. चौथी-पाचवी माळ ही त्याचीच वेळ. तोवर तुम्ही रोज जुन्या तेलावर नवे तेल ओतत आलेल्या असता, त्यामुळे तळाचा गाळ जातच नाही. लाकडी घाण्याचे तेल आणले असेल तर ते आणखी लवकर घडते. असे तेल आधी आठवडाभर बरणीत न हलवता ठेवा आणि वरचे निवळ तेवढे दिव्यासाठी काढा. खाण्याला घाण्याचे तेल चांगले असेल, पण दिव्याला गाळीव तेल मानवते.

तेल कोणते, यालाही महत्त्व आहे. जवस, करडई आणि सूर्यफूल ही हवेने घट्ट होत जाणारी तेले. तापत राहिली की त्यांचा चिकट राळेसारखा थर होतो. सोलापूरकडे करडईचे तेल घरात असतेच, म्हणून तेच दिव्यात जाते आणि तिसऱ्या दिवशी वात ताठ होते. तीळ किंवा शेंगदाणा घ्या.

टोक मऊ, ओले आणि फारसे न जळलेले सापडले तर काजळीला दोष देऊ नका. एकतर वाऱ्याची झुळूक लागली, किंवा वात मागे घसरून तेलात बुडाली. पंखा बंद असला तरी पहाटे स्वयंपाकघराचे दार उघडते, तेवढा झोत पुरतो. दिवा जाण्याआधी तडतड ऐकू येत असेल तर तेलात पाणी आहे. दिवा धुऊन नीट न पुसल्याचा तो परिणाम.

आता प्रमाण. करंगळीच्या एका पेराएवढी ज्योत तासाला साधारण ३ ते ५ ग्रॅम तेल खाते, म्हणजे दिवसाला ८० ते १३० मिली. नऊ दिवसांना लिटरभर तेल धरून चाला. पण वातीच्या जाडीनुसार हा आकडा बराच हलतो, म्हणून घट बसण्याच्या आदल्या दिवशी तुमचा दिवा, तुमची वात आणि तुमचे तेल घेऊन स्वयंपाकघरातल्या वजनकाट्यावर चार तासांची चाचणी घ्या. आधीचे वजन, नंतरचे वजन, भागिले चार. मग रात्री कितीला उठायचे ते अंदाजाने ठरवावे लागत नाही.

वात कापसाची, पेन्सिलीएवढी जाड, हातभर लांब आणि घट्ट वळलेली हवी. देवकापूस मिळाला तर उत्तम, त्याची सरकी मात्र नीट काढा. वळताना तळहाताला दुधाचे बोट किंवा चिमूटभर राख लावली की तंतू निसटत नाहीत. बाजारच्या तयार वातींत कृत्रिम धागा मिसळलेला असू शकतो. एक वात जाळून बघा: कापूस जळाला की जळक्या कागदाचा वास येतो आणि मऊ राख उरते, कृत्रिम धागा वितळतो आणि त्याचा टणक मणी होतो. असली वात अखंड दिव्याला लावू नका.

दिव्याच्या कडेबाहेर ३ ते ५ मिलिमीटरच वात असू द्या. त्याहून जास्त सारली की ज्योत उंच होते, हवा कमी पडते आणि धूर धरते. उजेड वाढल्यासारखा वाटतो, पण काजळीही वाढते. दर सहा तासांनी चिमट्याने काजळी खुडा, वात गव्हाच्या दाण्याएवढी पुढे सारा, आणि तेल तिसऱ्या हिश्श्यावर येण्याआधी ज्योतीच्या विरुद्ध बाजूने धार धरून घाला. पाचव्या माळेला दिव्यावरून एक निरांजन लावून घ्या. निरांजन तेवत असताना मोठा दिवा रिकामा करा, कोरड्या फडक्याने पुसा, नवे तेल व नवी वात घाला आणि निरांजनावरून तो पुन्हा उजळा. ज्योत खंडत नाही आणि गाळ जातो. एवढे केलेत तर पुढची पहाट निभते.

दिवा शांत झालाच तर? बहुतेक घरांत देवापुढे हात जोडून, दिवा पुसून, नवी वात घालून पुन्हा लावतात आणि पुढे चालतात. तुमच्या घरची रीत वेगळी असेल तर ती पाळा. आम्ही एवढेच सांगू की तेवढ्यासाठी सुनेला बोल लावण्याचे कारण नाही.

समईखाली रोज तेलाचे थारोळे साचते. समई जुनी, सासूबाईंच्या लग्नातली. फुटली असेल का?
(रत्नागिरीची वाचक)

फुटली असण्याची शक्यता कमी. समईच्या वाटीच्या मधोमध भोक असते, त्यातून दांडा वर येतो आणि वरचा मोर किंवा कळस आट्यांवर बसतो. जुन्या समईचे आटे झिजतात आणि तेल त्या वाटेने खाली उतरते. लोक आट्यांवर सुती दोरा गुंडाळतात, तो उपाय अंगाशी येतो, कारण सुती दोरा म्हणजे वातच. तो तेल स्वतःहून ओढून खाली पोचवतो. नळजोडणीवाले वापरतात ती पांढरी टेप तीन वेढे लावा, आटे फिरतात त्याच दिशेने. ज्योती वाटीच्या कडेला असल्यामुळे मधला भाग टेपेला इजा होईल इतका तापत नाही. मेण लावू नका, ते पाघळते.

दुसरी वाट चोचीची. वात कडेबाहेर बोटभर लोंबत असेल तर जळण्याआधीच तेल टोकावरून ठिबकते. वात आखूड करा.

हे पत्र लिहिणाऱ्या वाचक पाचही वाती रात्रभर ठेवतात असे दिसते. पाच वातींची समई तासाला २० ग्रॅमच्या आसपास तेल पिते आणि मध्यम समईच्या वाटीत १०० ते १५० मिली मावते. पाच-सहा तासांत ती कोरडी पडणारच. रात्रीसाठी एकच जोडवात ठेवा.

चंपाषष्ठीला घरी तळी उचलताना दिवटीतून जळते थेंब पडतात. गेल्या वर्षी एकाचे धोतर जळाले. दिवटीत काही दोष असावा का?
(बारामती तालुका)

दिवटीत नाही, चिंधीत. खंडोबाच्या कुलधर्मातली दिवटी-बुधली ही जोडी फार विचाराने घडवलेली आहे: दिवटीत ज्योत, बुधलीत तेल, आणि दोन्ही वेगवेगळ्या हातांत. हल्ली बुधली नुसती पूजेत मांडून ठेवतात आणि सगळे तेल आधीच दिवटीवर ओततात. थेंब पडतात ते त्यामुळे.

जुने, अनेकदा धुतलेले सुती कापड घ्या. नव्या कापडाला खळ असते, ती तेल शोषू देत नाही आणि नुसती करपते. मिश्र धाग्याची साडी तर अजिबात नको, तिचे वितळलेले थेंब तेलापेक्षा वाईट भाजतात. दोन बोटे रुंदीच्या पट्ट्या फाडा आणि अंगठ्याएवढी जाड, दोरखंडासारखी घट्ट पिळाची गुंडाळी करा. दिवटीच्या तोंडात ती ठोकून बसवा, बाहेर दोन इंचांपेक्षा जास्त नको. सैल गुंडाळी पावशेर तेल पिते आणि पेटल्यावर ते सगळे ओकते. अर्धा तास तेलात भिजवा, मग हाताने दाबून पिळा. उलटी धरल्यावर एकही थेंब गळता कामा नये, तेव्हाच पाजळा. ज्योत मंदावली की बुधलीची चोच चिंधीच्या मुळाशी टेकवून चमचाभर तेल सोडा, ज्योतीवरून धार धरू नका.

चटकन पेटावे म्हणून तेलात रॉकेल मिसळण्याची खोड काही ठिकाणी दिसते. गोडेतेल ३०० अंशांच्या आसपास तापल्याशिवाय पेटणारी वाफ देत नाही. रॉकेल चाळिशीच्या आसपासच देऊ लागते. म्हणजे बुधलीतला उरलेला मालही पेटू शकतो. पेट्रोलबद्दल बोलायलाच नको.

आणखी एक गोष्ट, जिच्याकडे फारसे कोणी लक्ष देत नाही: भंडारा. हळदीची बारीक पूड हवेत उधळली की ती ज्वलनशील धूळ असते आणि उघड्या ज्योतीजवळ भपकन पेटू शकते. ‘येळकोट’च्या गजरात भंडारा उधळताना दिवटीवाल्याने चार पावले मागे उभे राहावे.

शांत करताना फुंकर घालू नका आणि पाणी ओतू नका. फुंकरीने तापलेल्या तेलाचे शिंतोडे उडतात, पाण्याची तेलाखाली वाफ होऊन ते उसळते. धातूचे भांडे पालथे घाला. दुधाने शांत करायची रीत असेल तर आधी ज्योत अगदी बारीक होऊ द्या, मग दिवटी दुधात टेकवा.

तुळजाभवानीच्या भुत्यांचा पोत याच घरचा, फक्त मोठा. गळ्यात कवड्यांची माळ, अंगात तेलकट झगा आणि हातात पेटता पोत घेऊन नाचणाऱ्या माणसाला तो झेपतो, कारण त्याचा पीळ घट्ट असतो आणि तेलावर त्याची नजर असते. घरच्या अंगणात कुणी हौसेने त्याची नक्कल करू नये.

गावच्या दीपमाळेला ४८ हात आहेत. कित्येक वर्षे फक्त विजेच्या माळा सोडत होतो, यंदा त्रिपुरी पौर्णिमेला खरे दिवे लावायचे ठरले आहे. तयारी काय करावी?
(फलटण तालुक्यातील तरुण मंडळ)

बेत चांगला. दोन-अडीच तास ज्योत हवी असेल तर पणतीमागे २० मिली तेल पुरे. ४८ पणत्यांना लिटरभर. वाऱ्यात वात जास्त जळते आणि काही पणत्या सांडतात, तेव्हा सव्वा लिटर आणा.

कोरी पणती तेल पिते. आदल्या रात्री पणत्या पाण्यात बुडवून ठेवा, म्हणजे मातीची छिद्रे पाण्याने भरतात. सकाळी काढून पालथ्या घाला आणि आतला भाग फडक्याने टिपा. आत पाणी राहिले तर वात तडतडेल आणि धरणार नाही. वाती कापसाच्या नकोत, जुन्या सुती कापडाच्या पिळलेल्या हव्यात, बोराच्या काडीएवढ्या जाड. त्या आधीच तेलात मुरवून ठेवा. फुलवात वाऱ्यासमोर टिकत नाही.

पणती अर्धीच भरा, म्हणजे कड ज्योतीला आडोसा देते. प्रत्येक हातावर आधी मूठभर ओली माती थापून पणती त्यात रुतवा. पणती हलत नाही आणि ओघळलेले तेल दगडाला लागण्याऐवजी माती शोषते. दगडात मुरलेले तेल काही केल्या निघत नाही. पणतीची चोच वाऱ्याच्या पाठीकडे वळवा.

आणि लावायचे वरून खाली. खालून सुरुवात केली तर शिडीवरचा माणूस पेटत्या पणत्यांवरून वर चढतो आणि शर्टाचा सोगा कुठल्या ज्योतीत गेला ते त्याला कळत नाही. लांब बांबूच्या टोकाला काकडा बांधून लावता येत असेल तर शिडीची गरज निम्मी होते. खाली वाळूची एक बादली आणि शिडी धरायला दोन माणसे ठेवा. विजेच्या माळा त्या रात्रीपुरत्या बंद ठेवा, नाहीतर ४८ पणत्या दिसणारच नाहीत.

आम्ही डब्लिनला राहतो. तुपाचा दिवा तासाभरात मिणमिणतो, आणि परवा धुराचा अलार्म वाजून इमारत रिकामी करावी लागली. अखंड दिवा इथे जमेल का?
(आयर्लंडहून)

तुपाचा दिवा मिणमिणतो कारण तूप थिजलेले आहे. खोली १८-१९ अंशांवर असेल तर ज्योत आपल्याभोवती रुपयाएवढे तूप वितळवते, ते जळून जाते आणि पलीकडचे तूप तसेच दगड राहते. खोबरेल तेलाचीही तीच गत, ते २४ अंशांखाली गोठते. तिळाचे तेल तिथल्या थंडीतही पातळ राहते, ते वापरा. तूपच हवे असेल तर वात कडेला न ठेवता निरांजनाच्या मधोमध फुलवात उभी करा, आणि जाड तांब्याच्या तारेचे एक टोक ज्योतीला लागून, दुसरे तुपात असे वाकवून ठेवा. तांबे उष्णता तुपापर्यंत पोचवते.

अलार्म बहुधा धूप किंवा कापराने वाजला असेल. नीट कापलेली वात इतका धूर करत नाही. कारण काहीही असो, अलार्मवर प्लास्टिक गुंडाळणे किंवा त्याची बॅटरी काढणे हा उपाय नव्हे. भाडेकरारात उघडी ज्योत मना असेल तर तिथे हा विषय संपतो.

करार आडवा येत नसेल तरी घराला कुलूप लावून कामाला जाताना दिवा तेवत ठेवू नका. त्याला उपासना म्हणत नाहीत. घरी असाल तेवढा वेळ तरंगत्या वातीचा दिवा ठेवा: काचेच्या जाड पेल्यात तीन सेंटिमीटर पाणी, त्यावर दोन सेंटिमीटर तेल, आणि तेलावर बुचाच्या चकतीत रोवलेली छोटी वात. तेल संपले की वात पाण्याला टेकते आणि दिवा आपोआप शांत होतो. शेवटी थोडा तडतडतो, तेवढेच.

डहाणूहून रेल्वेने जाताना उदवाडा लागते. तिथला पारशांचा अग्नी शतकानुशतके विझलेला नाही म्हणतात. आपल्या नंदादीपासारखीच व्यवस्था असते का?
(डहाणू)

तत्त्व जवळचे, व्यवस्था वेगळी. उदवाड्याच्या इराणशाहात, म्हणजे तिथल्या अग्निमंदिरात, तेल-वात नाही, लाकडाचा अग्नी आहे. धातूच्या मोठ्या पात्रात राखेची जाड बैठक असते आणि तिच्यावर लाकूड आणि चंदन रचले जाते. राख निखाऱ्याची उष्णता धरून ठेवते, म्हणून दोन वेळच्या मधल्या काळात ज्वाळा खाली बसली तरी अग्नी जिवंत राहतो. दिवस-रात्रीचे पाच गाह, म्हणजे पाच भाग. प्रत्येक गाहात मोबेद, म्हणजे पारशी धर्मगुरू, अग्नीला इंधन देण्याचा ‘बोय’ हा विधी करतात. तोंडावर पांढरे कापड बांधतात, श्वास अग्नीला लागू नये म्हणून. दिव्यावर फुंकर न घालण्याचा आपला दंडक आठवतो ना?

हा अग्नी परंपरेनुसार संजाणला स्थापला गेला, पुढे आक्रमणाच्या काळात बाहरोटच्या डोंगरातल्या गुहांत बारा वर्षे राखला गेला, मग वांसदा, नवसारी अशी ठिकाणे करत १७४२ पासून उदवाड्याला आहे. बाहरोट तुमच्या शेजारीच, बोर्डीजवळ, पालघर जिल्ह्यात आहे. संजाणच्या धर्मगुरूंची नऊ घराणी पाळीपाळीने ही सेवा करतात. या दर्जाच्या अग्निमंदिराला आतश बेहराम म्हणतात. भारतात अशी आठ आहेत, त्यांतली चार मुंबईत. आतश बेहराम स्थापताना सोळा प्रकारचे अग्नी शुद्ध करून एकत्र करतात, त्यांत आकाशातली वीज पडून पेटलेला अग्नीही लागतो. बिगरपारशांना आत प्रवेश नाही, तेव्हा उदवाड्याला गेलात तर बाहेरूनच नमस्कार करा.

एका स्पर्धेसाठी एकांकिका लिहितो आहे. डोंगरातल्या एका मठात एक काल्पनिक गूढ पंथ शंभर वर्षे एकच ज्योत राखतो. ज्योत ‘जिवंत’ आहे अशी त्यांची श्रद्धा. परीक्षकांना खोटे वाटू नये म्हणून कोणते तपशील हवेत?
(नाशिकचा महाविद्यालयीन विद्यार्थी)

आधी हिशेब मांडा, नाट्य त्यातूनच निघेल. एका मध्यम ज्योतीला वर्षाला ३५ किलो तेल लागते, म्हणजे पंधरा किलोचे सव्वादोन-अडीच डबे. शंभर वर्षांत साडेतीन टन. डोंगरावर हे कोण चढवतो? तीळ पिकवायचे म्हटले तर वर्षाला ऐंशी-नव्वद किलो तीळ, एक घाणा आणि एक बैल. देवळांना दिवाबत्तीसाठी जमिनी इनाम देण्याची पद्धत मराठी मुलखात होती. तुमच्या पंथाला असे इनाम असेल तर ते कोणी दिले आणि दुष्काळात त्याचे काय झाले, हा दुसरा प्रवेश होऊ शकतो. माणसांना खायला तेल नाही आणि ज्योतीला मात्र आहे, असा पेच भुताखेतांपेक्षा भारी पडतो.

मग पाळ्या. आठ प्रहर, प्रत्येकी तीन तासांचे. एका माणसाने रोज दोनच प्रहर जागावे असे धरले तर चार माणसे लागतात, आणि आजारपण, वारी, मयत धरून सहा. चाळीस जणांचा पंथ दाखवला तर ते इतर वेळी काय करतात ते सांगावे लागेल. घड्याळ नसलेला काळ असेल तर घटिकापात्र वापरा: पाण्याच्या घंगाळात सोडलेले, तळाला बारीक भोक असलेले भांडे. ते २४ मिनिटांत बुडते, साडेसात वेळा बुडाले की प्रहर. झोप लागलेला पाळीवाला आणि तळाला गेलेले घटिकापात्र रंगमंचावर चांगले दिसते.

पाळीवाल्याच्या हातालाही ओळख हवी. काजळी खुडून अंगठा आणि तर्जनीची टोके काळी पडलेली, भाजून टणक झालेली. कपड्यांना खवट तेलाचा वास. गाभाऱ्याचे छत डांबरासारखे. आणि छतावरची काजळी फुकट कशाला जाईल? काजळी आणि बाभळीचा डिंक घोटून शाई करण्याची जुनी रीत आहे. तुमच्या पंथाच्या पोथ्या त्यांच्याच ज्योतीच्या काजळीने लिहिल्या असतील तर ज्योत ‘जिवंत’ असल्याचे संवादात सांगावे लागणार नाही.

शेवटी वादळ येऊन दिवा विझतो, असे लिहू नका. सगळेच लिहितात, आणि शंभर वर्षे दिवा राखणारे लोक वाऱ्याचा बंदोबस्त पहिल्या वर्षीच करतात. खरे शत्रू किरकोळ असतात. तेलात मिसळलेले जवस. पावसाळ्यात दमटलेला कापूस. ज्योतीवर झडप घालून तेलात पडणारे पाखरू. आणि उंदीर: तेलाने माखलेली वात तो पळवतो, कधी पेटती, आणि मग ज्योत गवताच्या छपरात सापडते. याशिवाय सांभाळणारे लोक एक दिवा कधीच ठेवत नाहीत. मुख्य ज्योतीवरून लावलेला एक सोबतीचा दिवा आत कुठेतरी असतो. मुख्य ज्योत एका रात्री गेली आणि सोबतीच्या दिव्यावरून गुपचूप पुन्हा लावली, हे फक्त एका पाळीवाल्याला ठाऊक आहे. ती ज्योत तीच की दुसरी? एवढ्यावर पाऊण तास निघतो.

रंगमंचावर खरी ज्योत ठेवण्याआधी नाट्यगृहाची परवानगी विचारा. मिळाली तरी एका वातीचा उजेड मेणबत्तीएवढाच, पंधराव्या रांगेत काही पोचत नाही. दिव्याच्या आड एक पिवळसर छोटा बल्ब लपवा आणि नटाने ज्योतीकडे वाकल्यावर तो हळूच वाढवा. बाजारात मिळणारे लुकलुकणारे दिवे टाळा. नीट कापलेली, आडोशाची ज्योत हलत नाही.

दिव्याच्या अवसेला पितळी दिवे चिंचेने घासले तरी आतला हिरवा चिकट थर जात नाही. उलट एक निरांजन तांबूस झाले.
(कराड)

क्रम उलटा झाला. हिरवा थर म्हणजे जुन्या तेलातल्या आम्लाने पितळेतल्या तांब्याशी मिळून केलेला चिकट क्षार. त्यावर तेलाचे आवरण असते, चिंच तिथपर्यंत पोचतच नाही. लिटरभर कडकडीत पाण्यात दोन मोठे चमचे धुण्याचा सोडा घालून दिवे अर्धा तास बुडवा, हातमोजे घालून काथ्याने घासा. चिकटपणा गेला की मगच चिंचेचा कोळ आणि बारीक रांगोळी. कोळ दोन-तीन मिनिटांत धुऊन टाका. तुमचे निरांजन रात्रभर चिंचेत होते असे वाटते. आम्लाने पितळेतले जस्त खाल्ले, तांबे वर राहिले, म्हणून ते तांबूस दिसते. हलक्या हाताने घासत राहिलात तर वरचा थर हळूहळू जाईल. धुतलेले दिवे तासभर उन्हात पालथे ठेवा. समईचे आटे सोडवून वेगळे वाळवा, पाणी तिथेच दडते.